पुरावा कुणी द्यायचा?

५ मार्च २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सहा माणसांना निर्दोष ठरवून सोडून दिलं. जून २००३ मध्ये नाशिकजवळ बेलतगव्हाणला एका कुटुंबावर दरोडा पडला होता. पाच जणांचे जीव गेले, बायकांवर अत्याचार झाले. त्या गुन्ह्यासाठी हे सहाजण धरले गेले. सगळे भटक्या जमातीतले, मजुरी करून पोट भरणारे, आणि पोलिसांच्या हाती लागले ते आपल्या शेजारच्या जालना जिल्ह्यात, भोकरदनकडे. सत्र न्यायालयाने त्यांना फाशी सुनावली. २००७ मध्ये उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम ठेवून उरलेल्या तिघांना जन्मठेप दिली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाहीजणांना फासावर नेऊन उभं केलं. त्यांतला एकजण गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता, हे पुढे सिद्ध झालं. आणि मग २०१९ मध्ये त्याच सर्वोच्च न्यायालयाने नोंदवलं की हल्ल्यातून वाचलेल्या महिलेने लगोलग पोलिसांकडच्या फोटोंतून चार वेगळ्याच माणसांना ओळखलं होतं. त्या चौघांवर खटलाच भरला गेला नव्हता. सुटलेल्यांना प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्या, असा आदेश झाला. तोवर तुरुंगात जवळपास सोळा वर्षं गेली होती.

आरोपी भटक्या जमातीतले, अगदी गरीब मजूर आहेत, त्यामुळे त्यांना खोटेपणाने गोवलं गेल्याची शक्यता नाकारता येत नाही, हेही न्यायालयाने निकालात लिहिलं. देशाच्या सर्वोच्च न्यायपीठाने हे वाक्य लिहावं, ही साधी गोष्ट नव्हे. पण त्याची चर्चा मराठवाड्यात किती झाली? भोकरदनहून संभाजीनगरला रोज एसट्या येतात, कामाला माणसं येतात, दवाखान्यात पेशंट येतात. ही बातमी मात्र आपल्या शहराच्या बोलण्यात फारशी आली नाही.

या सहाजणांवर अन्याय कुणी केला, असं विचारलं तर एक नाव सांगता येणार नाही. तपास करणाऱ्याने तपास केला, साक्षीदाराने साक्ष दिली, न्यायाधीशांनी समोरच्या कागदांवरून निकाल दिला. यांतल्या कुणाच्या मनात वडार, पारधी किंवा कैकाडी समाजाविषयी द्वेष होता, असं मी म्हणत नाही. द्वेष नसतानाही हे घडू शकतं, हेच समजून घ्यायचं आहे. लंडनमध्ये १९९३ साली स्टीफन लॉरेन्स या कृष्णवर्णीय तरुणाचा खून झाला आणि पोलिसांनी तपासाचा विचका केला. त्यावर न्यायमूर्ती मॅकफर्सन यांच्या चौकशीचा अहवाल १९९९ मध्ये आला. एखादी संस्थाच माणसाचा रंग किंवा वंश पाहून त्याला कमी प्रतीची सेवा देत असते, आणि हे नकळत, अज्ञानातून, ठोकळेबाज समजुतींतूनही होतं, असं त्या अहवालाने ठामपणे सांगितलं. माणसाच्या हेतूपासून संस्थेच्या सवयीकडे बोट वळलं ते तिथे.

आपल्याकडे हे बोट वळवायची तयारी अजून नाही. जात म्हणजे वंश नव्हे, ही भारत सरकारची भूमिका २००१ च्या डर्बनच्या वंशभेदविरोधी परिषदेत साऱ्या जगाने ऐकली. शास्त्रार्थ म्हणून ती खरी मानू. पण जन्मावरून माणसाचा स्वभाव ठरवणं, तो स्वभाव सरकारी दप्तरात लिहून ठेवणं आणि त्या नोंदीवरून त्याच्या लेकरालाही तसंच वागवणं, याला दुसरं काय म्हणायचं? १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा नेमकं हेच करत होता. सुताराचा मुलगा सुतार होतो, तसा गुन्हेगारीचा धंदाही पिढीजात चालतो, हा त्यामागचा विचार होता. १९११ मध्ये तो मुंबई इलाख्यालाही लागू झाला, १९२४ मध्ये आणखी आवळला गेला. मराठवाडा तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता आणि तिथेही अशा जमातींसाठी तसेच नियम होते. हजेरी, वस्तीबाहेर जायला दाखला, तारेच्या कुंपणातली सेटलमेंट. मुंबई इलाख्याचे पोलीस अधिकारी केनेडी यांनी १९०८ मध्ये या जमातींवर एक पुस्तकच प्रसिद्ध केलं. कोण कसा पेहराव करतो, कुठली बोली बोलतो, बायका काय दागिने घालतात, पालं कशी ठोकतात, हे त्यात बारकाईने दिलं होतं. पोलिसाने दुरून पाहून माणूस ओळखावा, एवढ्यासाठी.

३१ ऑगस्ट १९५२ ला हा कायदा रद्द झाला. त्या दिवसाची आठवण म्हणून विमुक्त दिन पाळतात. पण कायद्यातून जमात गेली तरी मागे सराईत गुन्हेगारांविषयीचे कायदे उरले. मुंबई राज्याचा तसा कायदा १९५९ चा. त्यात जमातीचं नाव नाही, माणसाच्या वागण्याचं आहे, असं सांगितलं जातं. ते अक्षरशः खरंही आहे. ज्याच्या आजोबाचं नाव यादीत होतं, त्याच्या नातवाकडे ठाण्याची नजर आपोआप जाते, हे मात्र कायद्याच्या मजकुरात शोधून सापडणार नाही. संयुक्त राष्ट्रांच्या वांशिक भेदभावविरोधी समितीने २००७ मध्ये भारताला हे कायदे रद्द करण्याची शिफारस केली. आणि ३ ऑक्टोबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगातल्या जातीय कामवाटपाविरुद्धचा निकाल देताना कारागृहांच्या नियमावल्यांकडे पाहिलं, तर विमुक्त आणि भटक्या जमातींविषयीची जुनी गृहीतकं काही राज्यांच्या नियमांत त्या दिवसापर्यंत जशीच्या तशी होती. कैद्यांच्या रजिस्टरमधला जातीचा रकाना काढून टाका, असं न्यायालयाला सांगावं लागलं. कायदा जाऊन ७२ वर्षं झाली होती.

हा झाला एक दप्तरखाना. दुसरा आहे महसुलाचा आणि समाजकल्याणाचा, आणि मला जास्त बोलायचं आहे ते त्याविषयी. कारण पोलिसांच्या मारहाणीची निदान बातमी तरी होते.

महाराष्ट्रात जातीचा दाखला आणि मग जात वैधता प्रमाणपत्र लागतं. अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचा, तर विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा राज्यातला रहिवास दाखवावा लागतो. त्यासाठी काय चालतं? आजोबा-पणजोबांचा शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, जन्ममृत्यूची नोंद, खासरा, सातबारा. आता हा नियम फासेपारधी कुटुंबाच्या बाजूने वाचून पाहा. ज्याला १९५२ पर्यंत गावात राहायची मुभा नव्हती, ज्याच्या पोराला शाळेने दारात उभं केलं नाही, ज्याच्या नावावर गुंठाभर जमीन नव्हती, ज्याचं मूल पालात जन्मलं आणि रस्त्याच्या कडेला मातीआड झालं, त्याने १९५० चा उतारा आणायचा. मराठवाड्यात आणखी एक अडचण आहे. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हा भाग हैदराबाद राज्यात होता. जुने कागद उर्दूत, काही मोडीत. उर्दू कागद शोधून, वाचून, भाषांतर करून घ्यायला पैसा लागतो आणि कुठल्या तहसिलात काय सापडेल हे सांगणारा ओळखीचा माणूस लागतो. पालावरच्या माणसाकडे दोन्ही नसतं.

नियम सगळ्यांना सारखा आहे, असं उत्तर येतं. पाटलांना आणि पारध्याला सारखेच कागद. पण ही समानता कुणाला सोसते? ज्या कुटुंबाची चार पिढ्यांची नोंद सरकारने स्वतः ठेवली, त्याला. पारध्याचीही नोंद सरकारने ठेवली होती, फक्त ती हजेरीच्या वहीत. आणि आपला पोर चोरांच्या यादीतल्या आजोबाचा नातू आहे हे सांगणारी ती वही बाप होऊन कोण मागायला जाईल? लातूर भागातल्या पाथरूट समाजातून आलेल्या लक्ष्मण गायकवाडांच्या ‘उचल्या’ला १९८८ मध्ये साहित्य अकादमीचा सन्मान मिळाला. त्याआधी लक्ष्मण माने यांच्या ‘उपरा’ला मिळाला होता. या पुस्तकांवर मराठी विभागांत प्रबंध लिहिले गेले. पुस्तकातल्या माणसांच्या नातवंडांना प्रवेशाच्या वेळी वैधता मिळते का, हे कुणी पाहिलं?

जून-जुलैत आपल्या शहरातल्या समाजकल्याणाच्या नि जमात तपासणी समितीच्या दारात जाऊन यावं. इंजिनिअरिंग, मेडिकल, नर्सिंगच्या प्रवेशासाठी आलेले बाप तिथे पिशव्या घेऊन बसलेले असतात. जमातीच्या दाव्यांवर पूर्वी एक खास परीक्षा घेतली जाई आणि अजूनही घेतली जाते: तुमचे सण कोणते, लग्नात काय करता, देव कुठला, बोली येते का, मयताला पुरता की जाळता. याला ॲफिनिटी टेस्ट म्हणतात. तीन पिढ्या वाळूजला कारखान्यात राबलेल्या, पोराला मराठी शाळेत घातलेल्या माणसाला बोलीतले चार शब्द आठवले नाहीत तर त्याच्या जमातीवर शंका घेतली जाते. शिकावं, शहरात यावं, प्रवाहात सामील व्हावं असं आपणच सांगितलं आणि तो सामील झाला म्हणून त्याचा दावा फेटाळला! २४ मार्च २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राच्याच प्रकरणात सांगितलं की ही चाचणी निर्णायक कसोटी मानता येणार नाही. पण औरंगाबाद खंडपीठापुढच्या याचिकांत जात वैधतेची प्रकरणं किती असतात, हे तिथल्या कुठल्याही वकिलाला विचारा.

केनेडींचं पुस्तक आणि ही चाचणी शेजारी ठेवून पाहिलं की मला अस्वस्थ व्हायला होतं. दोन्हींमध्ये विचारणा तीच आहे: पेहराव, बोली, देव, रीत. पहिल्यात त्या खुणा सापडल्या की माणूस संशयित होतो. दुसऱ्यात त्या सापडल्या नाहीत की तो लबाड ठरतो. रात्रीच्या गस्तीला भेटलेला माणूस पारधी आहे, हे हवालदाराला पन्नास पावलांवरून कळतं. तिथे कुणी १९५० चा उतारा मागत नाही. त्याच माणसाची मुलगी समितीपुढे बसली की सरकारला ती पारधी आहे की नाही हे वर्षानुवर्षं समजत नाही.

आता यावरचे आक्षेप. खोट्या दाखल्यांनी आदिवासींच्या जागा लाटल्या गेल्या, हे खरं आहे. जुलै २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा लाभार्थ्यांना संरक्षण देता येणार नाही असा कडक निकाल दिला, आणि तो खऱ्या आदिवासींच्या बाजूचाच होता. पडताळणी हवीच. माझा प्रश्न इतकाच की आत्ताची पडताळणी कुणाला अडवते? लबाडी करणारा माणूस रिकाम्या हाताने येत नाही. त्याच्याकडे फाइल असते, उतारे असतात, त्यावर शिक्के असतात, वकील असतो. कागद नसणं ही खोट्या दावेदाराची अडचण नसतेच. ती पालावरच्या माणसाची असते. म्हणजे चाळणीचं भोक असं पाडलंय की खडा वर येतो आणि दाणा खाली जातो.

दुसरा आक्षेप चारचौघांत दबक्या आवाजात आणि घरात मोकळेपणी घेतला जातो: ‘पण चोऱ्या करतात ना ते?’ काहीजण करतात. ज्या समाजाची शिकार १९७२ च्या वन्यजीव कायद्याने बंद केली, गारुड्याचा साप आणि दरवेशाचं अस्वल ज्या कायद्याने काढून घेतलं, आणि बदल्यात जमीन किंवा धंदा काही दिला नाही, त्यातले काहीजण गुन्ह्याकडे वळले असतील, तर त्यात नवल नाही. प्रत्येक गुन्ह्याची शिक्षा गुन्हा करणाऱ्याला झाली पाहिजे. पण मराठवाड्यात पतसंस्था बुडाल्या, म्हाताऱ्यांच्या ठेवी गेल्या, लेकींची लग्नं मोडली. तेव्हा संचालकांची जात शोधून त्या जातीच्या सगळ्या तरुणांना ठाण्यात बसवलं का? कुठल्या वर्तमानपत्राने मथळ्यात त्यांच्या जातीची टोळी लिहिली? घरफोडीच्या बातमीत मात्र ‘पारधी टोळी’ सहज छापलं जातं.

या सहजतेची किंमत २०१८ च्या उन्हाळ्यात दिसली. जूनमध्ये आपल्याच जिल्ह्यात, वैजापूर तालुक्यात चांदगावला, दरोडेखोर समजून जमावाने दोघांना ठार मारलं. १ जुलैला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्याला आठवडी बाजाराच्या दिवशी पाच माणसांना पोरं पळवणारे समजून ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून मारलं. हे पाचहीजण मंगळवेढ्याकडचे नाथपंथी डवरी गोसावी, भिक्षेवर जगणारे. व्हॉट्सॲपवरच्या अफवांना तेव्हा दोष दिला गेला. अफवा तर सगळ्यांबद्दल उठतात. ती ऐकताच लोकांचे डोळे कुणाकडे वळले, हे मोबाइलने शिकवलेलं नव्हतं. ते शिक्षण शंभर-दीडशे वर्षं चालू होतं.

ज्या शहरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५० मध्ये मिलिंद महाविद्यालय काढलं, विद्यापीठाच्या नावासाठी १९७८ पासून १४ जानेवारी १९९४ पर्यंत माणसं लढली, घरं जळाली तरी मागे हटली नाहीत, त्या शहराला भेदभाव समजावून सांगावा लागू नये, असं वाटतं. पण उघड भेदभाव ओळखायला आपण शिकलो म्हणून न बोलणारा भेदभाव ओळखता येतोच असं नाही. पाण्याला हात लावू न देणारा दिसतो. अर्ज ‘त्रुटीपूर्ततेसाठी’ परत पाठवणारा दिसत नाही. खोली भाड्याने देताना आडनाव विचारून मग ‘आत्ताच दुसऱ्याला दिली’ म्हणणारा घरमालक तर फारच सभ्य असतो.

राज्याच्या हातात काही नाही असं मात्र कुणी म्हणू नये. सप्टेंबर २०२३ मध्ये कुणबी नोंदी शोधण्यासाठी न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली. सुरुवात मराठवाड्यापासून झाली. तहसिलांतले, भूमी अभिलेखातले, कारागृहांतले जुने कागद बाहेर काढले गेले, उर्दू आणि मोडी वाचणारे बोलावले गेले, राज्यभरात लाखो नोंदी सापडल्या, त्या संकेतस्थळांवर चढवल्या गेल्या. २ सप्टेंबर २०२५ ला हैदराबाद गॅझेटियरबाबतचा शासन निर्णयही निघाला. मराठ्यांना कुणबी दाखले देण्याच्या मागणीच्या गुणदोषांत मला इथे जायचं नाही. गरजू शेतकऱ्याच्या पोराला आजोबाची नोंद मिळाली असेल तर चांगलंच झालं. सांगायचं ते एवढंच की पुरावा सरकार स्वतः शोधू शकतं. उर्दू अडचण ठरली नाही, मोडी अडचण ठरली नाही, मनुष्यबळ मिळालं, खर्च झाला. मसणजोगी, पारधी, घिसाडी, वैदू यांच्या बाबतीत हे कधीच का झालं नाही? त्यांची संख्या मतदारसंघात मोजण्याइतकी नाही, ते विखुरलेले आहेत, त्यांचा मोर्चा शहर बंद पाडू शकत नाही. याहून वेगळं कारण मला सापडलेलं नाही.

आणि याला आपल्याच मातीत दाखला आहे. राजर्षी शाहू महाराजांनी १९१८ मध्ये कोल्हापूर संस्थानात महार, मांग, रामोशी, बेरड यांची हजेरी बंद केली; फासेपारध्यांना जवळ केलं, रखवालीची कामं दिली, सोनतळीला निवारा दिला. आधी तुम्ही सज्जन असल्याचा पुरावा आणा, असं ते म्हणाले नाहीत. ब्रिटिश मुलखात त्याच कायद्याचा फास आवळला जात असताना एका राजाने तो आपल्या हद्दीत सोडवला.

म्हणून मागणी साधी आहे. कागदाचं ओझं राज्याने उचलावं. शिंदे समितीच्या धर्तीवर एक शोध मराठवाड्यातल्या विमुक्त, भटक्या आणि विखुरलेल्या आदिवासी कुटुंबांसाठी व्हावा आणि त्यात पोलिसांची जुनी दप्तरंही उघडली जावीत. हैदराबाद संस्थानाच्या किंवा मुंबई इलाख्याच्या हजेरीपटावरचं पणजोबांचं नाव आज पणतीच्या शाळेसाठी तरी उपयोगी पडू द्या. वडिलांकडच्या रक्ताच्या नात्यातल्या एकाला वैधता मिळाली असेल तर दुसऱ्याला पुन्हा सगळं सिद्ध करायला लावू नये, असं मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्येच सांगितलं आहे. पण त्या साखळीची पहिली कडी असायला लागते, आणि पारध्यांच्या कितीतरी कुटुंबांत ती नाही. ही पहिली कडी घडवायला समितीने पालावर जावं, गंगापूर-वैजापूरच्या गायरानावर, कन्नड-सोयगावच्या भिल्लवस्तीत, एमआयडीसीच्या मागच्या झोपड्यांत; शाळेतल्या मास्तरांची, आशाताईंची, शेजारच्या गावकऱ्यांची साक्ष घ्यावी आणि तिथेच निर्णय द्यावा. ३० एप्रिल २०२५ ला केंद्राने येत्या जनगणनेत जातींची मोजणी करायचं ठरवलं आहे. त्या वेळी गणना करणाऱ्याने पालं हलली म्हणून घर सोडून पुढे जाऊ नये, यासाठी आत्तापासून या वस्त्यांची यादी व्हायला हवी.

आणि ठाण्यांतल्या याद्यांचं काय? सराईत म्हणून कुणाचं नाव का लिहिलं, शेवटचा सिद्ध झालेला गुन्हा कोणता आणि कधीचा, हे दर वर्षी दंडाधिकाऱ्यापुढे मांडून त्याच्या सहीनेच नाव पुढे चालू राहावं. ज्याच्यावर काही सिद्ध झालेलं नाही, त्याचं नाव कमी केल्याचं पत्र त्याच्या हातात द्यावं, मराठीत, शिक्क्यानिशी. भोकरदनच्या त्या सहा कुटुंबांपासून सुरुवात केली तरी चालेल.